मालार्मे आणि त्याच्या माथी मारलेला हस्तिदंती मनोरा

फ्रेंच कवी स्तेफान मालार्मे (१८४२–१८९८) याच्याबद्दलचा एक मजकूर सारखा फिरत असतो. त्याचा सारांश असा : केवळ अमेरिकन लेखक एडगर ॲलन पो वाचायला इंग्रजी शिकला, मास्तरकी नावापुरती केली, जगाकडे पाठ फिरवून बसला आणि कुणाला कळू नये म्हणूनच लिहिलं.

पोचं म्हणाल, तर ते त्यानेच कवी व्हर्लेनला १८८५ साली पत्रात लिहिलंय. पण सांगणारे अर्ध्यावर थांबतात. ही भाषा कुठल्यातरी कोपऱ्यात शिकवून पोट भरता यावं हाही हेतू होता, लग्न झालेलं होतं आणि घाई होती, असं तो लगेच पुढे सांगतो. (खरं तर लंडनला तो १८६२ च्या नोव्हेंबरात गेला आणि मारिया गेरहार्डशी लग्न तिथेच, पुढच्या ऑगस्टात लागलं. आठवणीत क्रम जरा हलला असावा.) पोवरचं प्रेम खोटं नव्हतंच. पोच्या ‘द रेव्हन’ या कवितेचा त्याचा गद्य अनुवाद १८७५ मध्ये चित्रकार एदुआर माने याच्या चित्रांसह निघाला. पण त्या इंग्रजीवर चूलही पेटत होती.

नोकरी नावापुरती? तूर्नों, बझांसों, आविन्यों आणि १८७१ पासून पॅरिस : तीस वर्षं तो इंग्रजी शिकवत होता. शिक्षक म्हणून यथातथाच, तपासनिसांचे शेरे काही गौरवाचे नव्हते. तरी रोज वर्गावर जावंच लागे. वर पैशांसाठी इंग्रजी शब्दांवर आणि प्राचीन देवतांवर पाठ्यपुस्तकं लिहिली. त्याच पत्रात ‘त्यांविषयी न बोललेलं बरं’ अशा अर्थाचं काहीसं म्हणून तो ती झटकून टाकतो.

जगाकडे पाठ फिरवलेल्या या माणसाने १८७४ मध्ये फॅशनचं पाक्षिक जवळपास एकट्याने चालवलं. बायकांच्या टोपणनावांनी पोशाखांवर, दागिन्यांवर लिहिलं, जेवणाचे बेतसुद्धा दिले. अंक आठच निघाले, पण काय हौस! १८९४ मध्ये अराजकवाद्यांवरच्या खटल्यात समीक्षक मित्र फेलिक्स फेनेओंच्या बाजूने साक्ष द्यायला तो कोर्टात उभा राहिला. देशद्रोहाच्या खोट्या आरोपात अडकवलेल्या द्रेफ्यू या लष्करी अधिकाऱ्याची बाजू घेतल्याबद्दल कादंबरीकार झोलाला शिक्षा झाली, तेव्हा त्याला तार केली. पॅरिसमधल्या रू द रोम या रस्त्यावरच्या घरी मंगळवारी संध्याकाळी व्हालेरी, जीद अशी तरुण लेखक मंडळी जमत, ते वेगळंच.

राहिला दुर्बोधपणा. तो आहे, आणि मुद्दाम आहे. त्याची काही सुनीतं दहादा वाचूनही हाती लागत नाहीत, ते नाकारण्यात अर्थ नाही. पण ‘कुणाला कळू नये म्हणून’ हे कुठून आलं? हाच माणूस मित्रांची नावं, रस्ता, घर नंबर यमकात बसवून चार ओळींचा पत्ता पाकिटावर लिहायचा, आणि पोस्टमन ती पत्रं बरोबर पोचवायचे.