साठ दिवस उलटले म्हणून पाया खोदू नका

सांगली-साताऱ्यातल्या व्हॉट्सअ‍ॅप ग्रुपांवर एक मेसेज फिरतोय. त्याचा मथितार्थ असा: जमिनीचा वापर बदलायला किंवा बांधकामाला अर्ज दिला आणि ९० दिवसांत सरकारी उत्तर आलं नाही, तर परवानगी मिळाली म्हणून समजा आणि काम सुरू करा, कोणी हात लावू शकत नाही. अडवलंच तर हायकोर्ट स्वतः परवानगी देतं, वर नुकसानभरपाईही. त्रास काय तो मुंबईच्या खेपांचा. यातलं थोडंफार खरं आहे, आणि त्यामुळेच माणसं फसतात.

आधी ते ९० दिवस. महाराष्ट्र जमीन महसूल अधिनियम १९६६ चा, प्रादेशिक व नगररचना अधिनियमही १९६६ चाच, आणि दोन्हीकडे अर्जाचं कलम ४४. गल्लत होणारच. ९० दिवस हे महसूल कायद्यातले, बिनशेती (एनए) परवानगीचे. पण कलम ४२-अ आणि त्यापुढची कलमं आल्यापासून विकास आराखड्यातल्या बऱ्याच जमिनींना ती परवानगी वेगळी घ्यावी लागत नाही, आणि एनएचे नियम इतक्यांदा बदललेत की जुना फॉरवर्ड वाचून पाऊल टाकू नये. आज बहुतेकांचं घोडं अडतं ते नगररचनेच्या परवानगीवर. तिथे कलम ४५(५) प्रमाणे मुदत ६० दिवसांची आहे.

बरं, हे ६० दिवस मोजायचे कुठून? खरी मेख इथे आहे. अर्ज पोचल्यापासून, किंवा कार्यालयानं मागितलेल्या माहितीला तुम्ही उत्तर दिल्यापासून, यांतलं जे नंतरचं असेल तिथून. म्हणजे पंचावन्नाव्या दिवशी 'मोजणी नकाशा जोडा' असं त्रुटीपत्र आलं, की आधीचे सगळे दिवस पाण्यात. नकाशा दिल्यावर मोजणी पुन्हा एकपासून. (टेबलामागच्या माणसाला दुसरं काही नाही तरी हे कलम तोंडपाठ असतं.) म्हणून पूर्तता करताना साहेब 'ठेवा तिथे' म्हणाले तरी नुसतं ठेवून येऊ नका. आपल्या प्रतीवर शिक्का, तारीख, आवक क्रमांक आणि घेणाऱ्याची सही घ्या. ऑनलाइन अर्ज असेल तर त्रुटी कधी दाखवली आणि पूर्तता कधी केली, ते पान तारखेसह छापून ठेवा. कोर्टात दिवस मोजले जातात ते या पोचेवरून.

'कोणी हात लावू शकत नाही' हे तर साफ खोटं. त्याच ४५(५) ला जोडलेली अट, म्हणजे परंतुक, सांगते की मानीव परवानगी (उत्तर न आल्यानं मिळाली असं धरलेली) ही आराखड्यात आणि विकास नियंत्रण नियमांत काटेकोर बसणाऱ्या कामालाच आहे. न बसणारं काम अनधिकृत धरलं जातं आणि कलम ५२ ते ५७ ची कारवाई मागे लागते. सांगलीकरांना हे वेगळं समजवायला नको. २०१९ च्या महापुरात आयर्विन पुलाजवळ कृष्णेनं ५७ फूट ओलांडले होते. निळ्या पूररेषेच्या (नदीकाठच्या निषिद्ध पट्ट्याच्या हद्दीच्या) आत नवं बांधकाम बसत नाही, मग कार्यालय साठ दिवस गप्प राहो की साठ महिने. महाबळेश्वर-पाचगणीत २००१ पासून इको सेन्सिटिव्ह झोन, म्हणजे पर्यावरणासाठी निर्बंध घातलेलं क्षेत्र, आहे. साहेबांनी फाइल उघडली नाही म्हणून तो झोन उठत नाही.

आता हायकोर्ट. संविधानाच्या अनुच्छेद २२६ खाली रिट याचिका करता येते, परमादेश (अधिकाऱ्याला त्याचं कर्तव्य करायला लावणारा आदेश) मागता येतो, हे खरं. पण उशिराच्या तक्रारीत कोर्टाचा आदेश साधारण असा असतो: इतक्या आठवड्यांत, गुणवत्तेवर निर्णय घ्या. 'हो म्हणा' असं कोर्ट सहसा सांगत नाही. नकाशे तपासणं त्याचं काम नव्हे. निर्णय नकाराचाही येऊ शकतो. मग उपयोग काय, असं लोक विचारतात. उपयोग मोठा आहे. नगररचना कायद्यातलं कलम ४७ चं अपील आदेशाविरुद्ध, आदेश कळल्यापासून ४० दिवसांत करायचं असतं. आदेशच नसेल तर अपील कशावर करणार? फाइल नुसती दाबून ठेवली की माणूस ना इकडचा ना तिकडचा. कारणांसह लेखी नकार हातात आला तर निदान भांडता तरी येतं. माझ्या मते याचिकेचं खरं मोल हेच. मात्र याचिकेआधी 'निर्णय द्या' अशी लेखी मागणी केलेली हवी. आणि कोर्टानं दिलेली मुदतही टळली, तर अवमान याचिका वर्षाच्या आत करावी लागते.

नुकसानभरपाईच्या आशेवर कर्ज काढू नका. नुसत्या उशिरासाठी ती मिळत नाही. दिवाणी दाव्याला दिवाणी प्रक्रिया संहितेच्या कलम ८० ची दोन महिन्यांची नोटीस, नुकसानीचा पुरावा, आणि समोरून 'सद्भावनेने केलेली कृती' हा बचाव ठरलेला.

मुंबईच्या खेपांचा मुद्दा तर शिळाच झाला. १८ ऑगस्ट २०२५ पासून कोल्हापूरला हायकोर्टाचं सर्किट बेंच सुरू आहे आणि सातारा, सांगली दोन्ही जिल्हे त्याच्याकडे आहेत.

कोर्टाआधीची एक पायरी मेसेजवाल्यांनी गाळलीय. २००५ च्या विलंब प्रतिबंध कायद्याप्रमाणे सरकारी कर्मचाऱ्यानं फाइल सर्वसाधारणपणे सात कामकाजाच्या दिवसांपेक्षा जास्त अडकवायची नाही. शिवाय तुमची सेवा २०१५ च्या लोकसेवा हक्क कायद्याखाली अधिसूचित असेल, तर कार्यालयातच पहिलं आणि दुसरं अपील, पुढे सेवा हक्क आयोगाकडे तिसरं, आणि दोषी अधिकाऱ्याला ५०० ते ५,००० रुपये दंड. रक्कम किरकोळ आहे, पण दंड स्वतःच्या खिशातून जातो म्हटल्यावर फाइल हलते. नाहीच हलली, तर या अपिलांच्या पोचा याचिकेला जोडा. 'अर्जदार आधी आमच्याकडे आलेच नाहीत' हा सरकारी वकिलांचा पहिला मुद्दा तिथेच गळतो.