रविवारी गाऊनवर बाहेर पडायचं नाही

कसबा पेठेत राहणाऱ्या समस्त बायकांना एक सूचना. रविवारी सकाळी साडेसहा ते नऊ या वेळात गाऊनवर दूध आणायला जायचं नाही, दात घासत दारात उभं राहायचं नाही, आणि दोरीवर काय वाळत घालतोय त्याचा दोनदा विचार करायचा. कारण कुठल्या बोळातून कधी पंधरा-वीस कॅमेरे बाहेर पडतील याचा नेम नाही. याला फोटोवॉक म्हणतात. माणशी पैसे भरून, रविवारची झोप सोडून, वाकड-बावधन-मगरपट्ट्याहून लोक येतात आणि आमची मोरी बघून "वॉव" म्हणतात.

माझी मावसबहीण, जी माझ्या लग्नात भर मांडवात "अगं पण संडास कॉमन आहे ना तिकडे?" असं विचारत होती, ती मागे एकदा गळ्यात हे एवढं मोठं धूड अडकवून आली आणि मलाच म्हणते, तुला कळतंय का तू केवढ्या हेरिटेजमध्ये राहतेस! मी म्हटलं कळतंय की, संडास अजून कॉमनच आहे.

तर यांचा रूट ठरलेला. जमायचं शनिवारवाड्याच्या दिल्ली दरवाज्यासमोर. तिथे त्यांचा गाइड, कमरेला छोटा स्पीकर बांधलेला एक मुलगा, सांगतो की 10 जानेवारी 1730 ला पायाभरणी झाली, वार शनिवार म्हणून शनिवारवाडा, 1828 ला आग लागली आणि आतलं सगळं जळून गेलं, त्यामुळे आत आता जोती, हिरवळ आणि कारंज्याचा हौद एवढंच. मग आवाज खाली आणून नारायणरावाचा खून. मग दरवाज्यावरच्या अणकुचीदार खिळ्यांचे क्लोजअप. खिळे हत्तींना अडवायला बसवले होते, पण पहाटे तिथे फिरायला येणाऱ्या आमच्या पेठेतल्या आजोबांना ते अडवत नाहीत, त्यामुळे प्रत्येकाच्या फोटोत खिळ्यांखाली एक आजोबा हातवारे करून व्यायाम करताना येतातच.

तिथून लाल महाल. तिथे हळवी माणसं भिंतीला हात लावून डोळे मिटतात. शाहिस्तेखानाची बोटं 1663 साली या जागी तुटली हे खरं, पण आत्ता दिसतो तो लाल महाल महापालिकेने बांधलेला आहे, म्हणजे माझ्या नवऱ्याने तो बांधताना बघितलाय, शाळेत जाता-येता. गाइड तसं सांगतोही बिचारा, पण तोवर लोकांचे डोळे भरून आलेले असतात आणि भरलेल्या डोळ्यांना सिमेंट दिसत नाही. मग कसबा गणपती, मग तांबट आळी, आणि मग आमचा वाडा. शेवटी नागझरी ओलांडून सोमवार पेठेतला त्रिशुंड गणपती. तो मात्र मलाही फार आवडतो. तीन सोंडांचा, मोरावर बसलेला गणपती, आणि बाहेर काळ्या दगडात गेंड्याला साखळदंडाने बांधणारे गोरे शिपाई कोरलेत. अठराव्या शतकात पुण्यात बसून कुणाला हे सुचलं असेल काय माहीत. तिथे मंडळींनी खरं म्हणजे तासभर थांबायला पाहिजे, पण तोपर्यंत सगळ्यांना मिसळीचे वेध लागलेले असतात, दहा मिनिटांत उरकतात. आमच्या वाड्यापुढे मात्र पाऊण तास!

का, तर आमच्या दाराला "टेक्स्चर" आहे. हे जे टेक्स्चर आहे त्याला आम्ही वाळवी म्हणतो. खालची फळी कुजलीये, मधल्या कड्या गेल्यात, आणि ते दार दुरुस्त करा म्हणून मालकांच्या मागे लागून आमच्या घरातली एक पिढी थकली. मालक म्हणतात भाडं किती देता ते आधी बघा. भाडं सांगितलं तर तुम्ही हसाल म्हणून सांगत नाही. एका रविवारी एक बाई त्या फळीपुढे उकिडव्या बसून, लेन्स जवळजवळ टेकवून फोटो काढत होत्या, आणि उठताना डोळ्यांत चमक आणून मला म्हणाल्या, "प्लीज, हे कधीही बदलू नका हं." मी हो म्हटलं. करणार काय, आम्ही बदलत नव्हतोच.

गाइड सांगतो वाडा दोनशे वर्षांचा. आता खालचं दगडी जोतं आणि दार जुनं आहे हे मान्य, पण वरचा मजला सासऱ्यांच्या लहानपणी चढला, आणि डावीकडचे पत्रे आमच्या मोठ्याच्या मुंजीच्या वर्षी टाकलेत. पण त्याने एकदा "पेशवेकालीन" म्हटलं की सगळे कॅमेरे पत्र्यांकडे वळतात. मग फोटोचे धडे सुरू. दिंडी दरवाज्यातून चौकातली तुळस दिसते ती म्हणजे फ्रेममध्ये फ्रेम. बोळातून नजर आत ओढून नेणाऱ्या रेषा म्हणजे लीडिंग लाइन्स, ज्या आमच्याकडे उघड्या गटारीच्या आहेत. आणि चित्राचे उभे-आडवे तीन-तीन भाग पाडायचे आणि रेघा जिथे छेदतात तिथे माणूस आणायचा, त्याला रूल ऑफ थर्ड्स म्हणतात. आमच्या चौकात त्या रेघा नेमक्या कॉमन संडासाच्या दाराशी छेदतात. त्यामुळे हातात बादली घेऊन, मान खाली घालून, घाईत जाणारा माणूस यांना फार मोलाचा वाटतो. वरच्या मजल्यावरचे एक काका तर आता साडेसहाच्या आत सगळं आटपून घेतात, पोट साथ देवो न देवो.

आणि यांना नको काय असतं, तर आम्ही जे हौसेने घेतलंय ते सगळं. अॅक्टिव्हा नको, डिश अँटेना नको, पाण्याची मोटर नको, निळं पिंप तर नकोच नको. "ताई, हे पिंप जरा हलवता येईल का?" भरलेलं पिंप! एकदा एका दणकट मुलाने स्वतःच हलवायचा प्रयत्न केला आणि त्यानंतर तो मिसळ खायला वाकूनच गेला.

19 ऑगस्टला, म्हणजे जागतिक छायाचित्रण दिनाच्या आसपास, गर्दी दुप्पट होते. 1839 साली त्या दिवशी फ्रान्सच्या सरकारने डागेरचं फोटो काढायचं तंत्र जगाला मोकळं करून दिलं म्हणे. त्या डागेरचा 1838 चा पॅरिसमधल्या रस्त्याचा एक फोटो आहे, तो गाइडने टॅबवर सगळ्यांना दाखवला, मीही कपडे पिळता पिळता बघितला. भर दिवसाचा रहदारीचा रस्ता, पण चित्रात पूर्ण सुनसान, कारण तेव्हा एक फोटो उमटायला काही मिनिटं लागायची आणि जे हलतं ते उमटायचंच नाही, फक्त एक माणूस बूट पॉलिश करून घेत एका जागी उभा होता तेवढा आलाय. मला ते तंत्र बेस्ट वाटलं. तेच आज वापरलं ना, तर आमच्या बोळातल्या स्कूटर, कुत्री, भाजीवाला, शाळेची रिक्षा, मी, सगळं गायब होईल आणि फक्त समोरच्या ओट्यावरचे काका दिसतील. ते रिटायर झाल्यापासून हललेले नाहीत.

पण खरा प्रॉब्लेम झाला सासूबाईंचा. एरवी त्याही गाऊनवरच असतात, वर टॉवेल. एका रविवारी काही कारणाने नऊवारी नेसून खिडकीत तांदूळ निवडत बसल्या होत्या, गजांतून तिरपं ऊन येत होतं, आणि फोटोवॉक आला. झालं! सगळे कॅमेरे वर. "आजी, जरा हसा. नको नको, हसू नका. लांब बघा. कॅमेऱ्याकडे बघू नका, कॅन्डिड पाहिजे." सासूबाईंना लग्नानंतर कुणी इतका वेळ सलग बघितलं नव्हतं. पुढच्या रविवारी सहा वाजता उठून नऊवारी, नथ, आणि निवडलेलेच तांदूळ परत परातीत. आम्ही तांदूळ मॉलमधून निवडलेला आणतो. शेवटी मलाच त्यात चार खडे टाकायला सांगितले, नुसतं बोट फिरवलं तर खोटं दिसतं म्हणे.

मग त्या बोलायला लागल्या. गाइडने चूक करून एकदा विचारलं, आजी, पानशेतचा पूर आठवतो का? अहो, 12 जुलै 1961. सासूबाईंचं माहेर नारायण पेठेतलं. पाणी कसं जिना चढून आलं, पितळेचा डबा तीन घरं सोडून गाळात कसा सापडला, धरणं फुटल्यावर नळ कोरडे पडले आणि लोक विहिरी-हौदांवर कसे गेले, आणि त्या गडबडीत त्यांच्या आत्याचं ठरलेलं लग्न कसं मोडलं आणि मोडलं ते कसं बरंच झालं कारण तो मुलगा पुढे... सूर्य वर चढत गेला. यांना म्हणे सूर्योदयानंतरचा तासाभराचा पिवळा उजेड लागतो, गोल्डन अवर. तो आत्याच्या साखरपुड्यापर्यंतच संपला. पण एक कबूल करते, त्या दिवशी मंडळींपैकी निम्म्यांनी कॅमेरे खाली ठेवले होते आणि नुसते ऐकत होते. उरलेले निम्मे त्या ऐकणाऱ्यांचे फोटो काढत होते.

तांबट आळीत माझी एक मैत्रीण आहे, तिच्याकडे याहून वाईट. तांब्याच्या भांड्यावर हातोडीने ठोकून ठोकून एकसारखे ठसे उमटवतात, त्याला मठारकाम म्हणतात, आणि ते सगळं तालावर असतं, एक ठोका चुकला की ओळ बिघडते. आणि हे लोक म्हणतात, "दादा, हातोडी वर असताना जरा थांबा ना." मग "आता खाली असताना." तिचे सासरे म्हणाले, मधली असताना पण थांबतो, त्याचे वेगळे पडतील. बंब घेता का विचारलं तर सगळे म्हणाले किती सुंदर आहे, आणि पुढे गेले. तेवढ्या वेळात एक कळशी झाली असती.

आता मुख्य गोष्ट. यांची वर्षाची निवडक चित्रं बालगंधर्वच्या कलादालनात लागली आणि आम्हाला कार्ड आलं. सासूबाईंनी नथ काढली, आम्ही सगळे रिक्षाने गेलो. आत गेल्या गेल्या समोर, काळ्या-पांढऱ्यात, भला मोठा फोटो: दिंडी दरवाजा, त्यात सासूबाई, कपाळावर आठ्या, नजर दूर बोळाच्या टोकाला. खाली नाव, "प्रतीक्षा". एक गृहस्थ बायकोला हळू आवाजात सांगत होते की मुलगा परदेशात असणार बघ. मुलगा त्यांच्या शेजारी उभा राहून फुकटचा चहा पीत होता. सासूबाई म्हणाल्या, कचऱ्याची गाडी आली नव्हती त्या दिवशी, दोन दिवसांचा कचरा साठला होता, तेव्हाचाय हा.

पण बक्षीस त्याला नव्हतं. बक्षीस होतं कोपऱ्यातल्या फोटोला. दोरी, सकाळचं ऊन, आणि दोरीवर एकच बनियन, ज्याच्या भोकांमधून किरणं आरपार आलीयेत. नाव "काळाच्या ओघात". मी ते बनियन लांबूनच ओळखलं. फेक म्हणून किती वर्षं डोकं फोडतेय, पण ह्यांचं आपलं एकच, घरात कोण बघतंय. आता ह्यांनी ते बघितलं, जवळ गेले, लांब गेले, चष्मा पुसला, आणि घरी आल्यावर ते बनियन वेगळं साबणात धुऊन, घडी करून कपाटात. ते म्हणे आता टाकता यायचं नाही.

इकडे ओट्यावरच्या काकांना हे सगळं कळलं आणि ते चक्क हलले. दुसऱ्या दिवशी वाड्याच्या दाराला पाटी: "फोटो काढावेत. दारास टेकू नये. पिंप हलवू नये. आजींचा पूर ऐकणे ऐच्छिक आहे. वाड्याचे पत्रे गळतात, यथाशक्ती डब्यात टाकावे. सुटे नाहीत." खाली पत्र्याचा डबा, त्याला कुलूप, किल्ली काकांच्या जानव्याला. लोकांनी पहिल्या रविवारी पाटीचेच इतके फोटो काढले की वाड्यात कुणी शिरलंच नाही. सासूबाई त्यावरून काकांशी बोलत नाहीत. पण डब्यात पैसे पडतात. एक कोपरा शाकारून झाला, पावसाळ्यात तिथे तरी पातेलं ठेवायला लागलं नाही.

परवाच्या रविवारी फोटोवॉक नव्हता, तरी सकाळी दोन मुलं ट्रायपॉड घेऊन आली. सासूबाईंनी खिडकीतून बघितलं आणि मला तांदूळ आणायला पिटाळलं. दहा मिनिटांत नऊवारी, नथ, परात, नजर लांब. तो मुलगा ट्रायपॉडवरच्या यंत्राला डोळा लावून वर बघून ओरडला, "आजी, जरा बाजूला व्हा ना, भिंतीचं माप घ्यायचंय." ते डेव्हलपरचे सर्व्हेवाले निघाले. मालकांनी पाठवले होते, वाडा पाडायचा तर आधी मोजायला नको का. काका ओट्यावरून उतरले, चौकशी केली, ती मुलं साहेबांचं नाव सांगून "आमचं काय काका, आम्ही नुसते मोजणारे" म्हणाली. काकांनी काही न बोलता पाटीकडे बोट दाखवलं. त्यातल्या एकाने ती पूर्ण वाचली, खिसा चाचपला आणि वाड्याच्या पत्र्यांसाठी वीस रुपये टाकले.

काकांनी त्याला पावतीसुद्धा दिली.