टाइम क्रिस्टल काळ थांबवत नाही, आणि तो लोलक तर टाइम क्रिस्टलही नाही

'शास्त्रज्ञांना काळ मंदावणारं खनिज सापडलं! नाव टाइम क्रिस्टल. विजेशिवाय अनंत काळ चालतं. गळ्यात घातलं तर वय वाढायचं थांबतं.' हा मजकूर सध्या बऱ्याच ग्रुपांवर फिरतोय. खाली हिरवट लोलकाचा फोटो आणि पैसे भरायला नंबर. टाइम क्रिस्टल हे नाव खरं आहे, त्यावरचं संशोधनही खरं आहे. म्हणूनच चांगली शिकलेली माणसंही हे पुढे पाठवतात. तेव्हा एकेक दावा घेऊ.

'खनिज सापडलं.' कुठल्याही खाणीत असलं काही सापडलेलं नाही. मिठाच्या खड्यात अणूंची मांडणी ठरावीक अंतराने पुन्हा पुन्हा येते. तशी एखादी रचना ठरावीक वेळाने, आपली आपण पुन्हा येऊ शकेल का, असा प्रश्न नोबेल विजेते भौतिकशास्त्रज्ञ फ्रँक विल्चेक यांनी २०१२ मध्ये मांडला. वातानाबे आणि ओशिकावा यांनी २०१५ मध्ये सिद्ध केलं, की पदार्थ समतोलात असताना हे शक्य नाही. मग बाहेरून ठोके देऊन पाहायचं ठरलं. २०१७ मध्ये मेरिलँड विद्यापीठाने यटर्बियम या धातूच्या १० आयनांच्या (विद्युतभारित अणूंच्या) रांगेवर लेझरचे ठोके देऊन, आणि हार्वर्डने हिऱ्यातल्या नायट्रोजन-पोकळी दोषांना (नायट्रोजनचा अणू आणि शेजारची रिकामी जागा) सूक्ष्मलहरींचे ठोके देऊन ते करून दाखवलं. टाइम क्रिस्टल ही पदार्थाची प्रयोगशाळेत घडवून आणलेली अवस्था आहे.

'काळ मंदावतो.' सगळ्यात मोठा गोंधळ इथे आहे. या प्रयोगांत घडतं ते असं: ठोके ठरावीक वेळाने पडतात, पण आयनांचं चक्र दर दोन ठोक्यांना एकदा पूर्ण होतं. ठोक्यात मुद्दाम थोडी चूक केली तरी हा दुपटीचा ठेका ढळत नाही. हा हट्टीपणा हेच खरं नवल. पण प्रयोगशाळेतलं घड्याळ त्या वेळी नेहमीच्याच गतीने चालू असतं.

याची सर्वांत बोलकी साक्ष आपल्या द्राक्षबागांतच आहे. ठिबकमधून सोडतात ते '१२:६१:००' खत, म्हणजेच मोनो अमोनियम फॉस्फेट. २०१८ मध्ये येल विद्यापीठात याच पदार्थाच्या स्फटिकात, फॉस्फरसच्या अणुकेंद्रांत, टाइम क्रिस्टलची लक्षणं आढळली. या खताच्या गोण्या नाशिक-सांगलीकडे शेडमध्ये पडून असतात आणि तिथे कुणाचंही घड्याळ मागे पडलेलं नाही. ठोके दिले तर लक्षण दिसतं, थांबवले की ते खत.

काळाची गती खरोखर बदलते ती वेगाने आणि गुरुत्वाने. २०१० मध्ये अमेरिकेत बोल्डर इथे एक आण्विक घड्याळ दुसऱ्यापेक्षा ३३ सेंटिमीटर वर नेलं, तर वरचं किंचित जलद चाललं. फरक इतका, की ८० वर्षांच्या आयुष्यात एका सेकंदाचा कोटीवा भागही भरत नाही. हे अख्ख्या पृथ्वीच्या गुरुत्वाचं. तोळाभर खड्याचं काय होणार?

'विजेशिवाय अनंत चालतं.' साफ खोटं. लेझर किंवा सूक्ष्मलहरी सतत द्याव्या लागतात, आणि तरीही तो ठेका काही वेळाने विरतो. त्यातून ऊर्जा काढता येत नाही.

मग उपयोग काय? क्वांटम अवस्था टिकवणं, बारीक मोजमापाची उपकरणं, अशा दिशांनी संशोधन चालू आहे. बाजारात अजून काहीही आलेलं नाही.

खनिजांचा काळाशी खरा संबंध हवा असेल तर मनगटावरचं घड्याळ बघा. आतला क्वार्ट्झचा इवलासा चिमटा सेकंदाला ३२,७६८ वेळा थरथरतो. त्या आकड्याला सर्किट १५ वेळा निम्मं करतं, की बरोबर एक ठोका उरतो. झिरकॉनची गोष्ट तर मला याहून भारी वाटते. घडताना तो युरेनियम आत घेतो, शिसं जवळजवळ घेतच नाही. त्यामुळे आत जे शिसं सापडतं ते युरेनियमच्या क्षयातून आलेलं, आणि त्यावरून वय काढता येतं. ऑस्ट्रेलियातल्या जॅक हिल्सचा एक कण असा सुमारे ४४० कोटी वर्षांचा निघाला. हे शाळेतल्या मुलांना सांगा, मुलं ऐकत बसतात.

'गळ्यात घातलं तर वय थांबतं.' फोटोतला खडा ॲपोफायलाइट या सिलिकेट खनिजासारखा दिसतो. तो पुणे-जळगावकडच्या बेसॉल्टच्या पोकळ्यांत मिळतो, जगभरचे संग्राहक त्याच्या रूपासाठी पैसे मोजतात, आणि त्यात गैर काही नाही. पण त्याचा टाइम क्रिस्टलशी बादरायण संबंधही नाही. शरीर झिजतं ते पेशींमधल्या रासायनिक घडामोडींमुळे, आणि गळ्यातला सिलिकेटचा तुकडा त्यांत ढवळाढवळ करू शकत नाही. त्याच्या भरवशावर घरातल्या कुणी रक्तदाबाची गोळी बंद केली असेल तर ती आजच सुरू करायला लावा, डॉक्टरांशी बोला. आणि पैसे भरून फसवणूक झाली असेल तर उशीर न करता १९३० या सायबर हेल्पलाइनवर फोन करा. जितक्या लवकर कळवाल तितकी रक्कम अडवता येण्याची शक्यता जास्त.