महाराष्ट्र काँग्रेसचा नेता कायम ‘लिफाफ्यातून’च आला? नाही.

मुख्यमंत्री बदलायची चर्चा सुरू झाली की एक मजकूर हमखास फिरायला लागतो. त्यातलं म्हणणं थोडक्यात असं : महाराष्ट्र काँग्रेसमध्ये विधिमंडळ पक्षनेत्यासाठी (म्हणजे आमदारांच्या नेत्यासाठी, जो सत्ता असेल तर मुख्यमंत्री होतो) मतदान कधी झालंच नाही, नाव नेहमी दिल्लीहून बंद लिफाफ्यातून आलं, यशवंतराव चव्हाणांनाही नेहरूंनीच बसवलं, आणि दिल्लीपुढे आमदारांचं कधी काही चाललं नाही. ही पहिल्यापासूनची रीत आहे, तेव्हा आज कुठल्याही पक्षाने तेच केलं तर तक्रार कशाला, असं तात्पर्यही जोडलेलं असतं. मला उत्तर द्यायचंय ते मुख्यतः या तात्पर्याला. लढती झाल्याच नाहीत हे एकदा मान्य केलं, की नेता निवडणं हा आमदारांचा हक्क होता हेही आपण विसरून जातो.

‘मतदान कधी झालंच नाही.’

झालं, आणि चांगलं चुरशीचं झालं. १ नोव्हेंबर १९५६ ला गुजरात, सौराष्ट्र, कच्छ, मराठवाडा आणि विदर्भ यांना घेऊन द्विभाषिक मुंबई राज्य होणार होतं. त्याचा नेता कोण, हा प्रश्न ऑक्टोबरमध्ये आला. मोरारजी देसाई १९५२ पासून मुख्यमंत्री होते. पण एकमताने निवडणार असाल तरच मी, अशी त्यांची भूमिका होती. भाऊसाहेब हिरे लढतीवर ठाम राहिले. मोरारजी बाजूला झाले आणि सामना हिरे विरुद्ध यशवंतराव असा झाला. यशवंतरावांना ३३३ मतं पडली, हिऱ्यांना १११.

हा १११ चा आकडा मला महत्त्वाचा वाटतो. म्हणजे चौथा हिस्सा सदस्यांनी, पारडं कुठे झुकलंय हे दिसत असूनही, दुसऱ्या उमेदवाराला मत दिलं.

‘यशवंतरावांना नेहरूंनी बसवलं.’

या आरोपाला आधार अजिबात नाही असं मी म्हणणार नाही. १९५५ च्या डिसेंबरात फलटणला यशवंतरावांनी संयुक्त महाराष्ट्रापेक्षा नेहरू मोठे, अशी जाहीर भूमिका घेतली होती. त्याबद्दल त्यांना आयुष्यभर ऐकून घ्यावं लागलं. दिल्लीचा विश्वास त्यांच्यावर होता, हे उघड आहे. पण विश्वास असणं वेगळं आणि नेमणूक होणं वेगळं. त्या ३३३ मतांमागे गुजरातचे सदस्य आणि मोरारजींचे पाठीराखे मोठ्या संख्येने होते. मराठी सदस्यांत फूट होती. या बेरजेवर टीका जरूर करा, पण ती सदस्यांनी मतं देऊन केलेली बेरीज होती.

उलट ज्यांना हस्तक्षेपाचं उदाहरण हवंय, त्यांनी १९३७ कडे बघावं. मुंबई प्रांतात नेतेपद के. एफ. नरिमन यांच्याकडे जाईल अशी अपेक्षा होती, निवड झाली बाळासाहेब खेरांची. सरदार पटेलांनी आपल्याविरुद्ध वजन वापरलं, असा नरिमन यांनी आरोप केला. चौकशी गांधीजी आणि डी. एन. बहादुरजी यांनी केली आणि निकाल नरिमन यांच्या विरोधात गेला. त्या निकालाने सगळ्यांचं समाधान झालं नाही. पण वरून झालेल्या हस्तक्षेपाबद्दल जाब विचारता येतो, हे तेव्हा पक्षात गृहीत होतं.

‘ही पहिल्यापासूनची रीत.’

रीत कधी पडली हे बऱ्यापैकी नेमकं सांगता येतं. १९६३ मध्ये मुख्यमंत्री कन्नमवारांच्या निधनानंतर वसंतराव नाईक आले, तेव्हा शब्द चालला तो यशवंतरावांचा. ते संरक्षणमंत्री म्हणून दिल्लीत असले तरी तो राज्यातल्या नेत्याचा शब्द होता. १९७५ मध्ये नाईकांच्या जागी शंकरराव चव्हाण आले, ती मात्र दिल्लीची निवड. तरीही १९७७ च्या उन्हाळ्यात पुन्हा लढत झाली. लोकसभेत खुद्द इंदिरा गांधी हरल्या होत्या, हुकूम सोडणारं कुणी उरलं नव्हतं. सांगलीचे वसंतदादा पाटील आणि कराडकडचे यशवंतराव मोहिते समोरासमोर आले, दादा जिंकले.

खरा बदल १९८० पासूनचा. दिल्लीने आधी अंतुले मुख्यमंत्री केले, मग १९८२ मध्ये कुणाच्या ध्यानीमनी नसलेले बाबासाहेब भोसले. याचं कारण माणसांच्या स्वभावात शोधण्यापेक्षा संघटनेत शोधावं. १९७२ नंतर १९९२ पर्यंत काँग्रेसने संघटनात्मक निवडणुकाच घेतल्या नाहीत. प्रदेशाध्यक्ष नेमलेला, तिकीट वरून मिळालेलं. अशा आमदाराने नेतेनिवडीत वेगळं मत द्यायचं तर कशाच्या जोरावर?

‘दिल्लीपुढे आमदारांचं कधी काही चाललं नाही.’

भोसले वर्षभर टिकले. आमदारांची नाराजी इतकी वाढली की फेब्रुवारी १९८३ मध्ये वसंतदादांना परत आणावं लागलं. १९८५ मध्ये प्रदेशाध्यक्षपदी प्रभा राव यांची नेमणूक न विचारता झाली म्हणून याच दादांनी मुख्यमंत्रिपद सोडलं. जानेवारी १९९१ मध्ये काही मंत्र्यांनी राजीनामे देऊन शरद पवारांना हटवायची मागणी केली. बंडाला दिल्लीचा आशीर्वाद असल्याचं तेव्हा उघड बोललं जात होतं. आमदारांचं मत जाणून घ्यायला दिल्लीचे निरीक्षक आले, बहुसंख्य आमदार पवारांच्या बाजूने निघाले आणि पवार राहिले. ‘कधी’ हा शब्द इथेच खोटा ठरतो.

लिफाफा खोटा आहे असं मी म्हणत नाही. डिसेंबर २००८ मध्ये विलासराव देशमुखांचं मुख्यमंत्रिपद गेलं तेव्हा आमदारांनी निर्णय सोनिया गांधींवर सोपवला, नाव अशोक चव्हाणांचं आलं, आणि नारायण राणे जाहीरपणे उसळले म्हणून निलंबित झाले. १९५६ मध्ये निदान हिऱ्यांच्या पदरात किती मतं पडली, ते सगळ्यांसमोर मोजलं गेलं होतं.