तो ‘गावातला कुणी’ नाही, सारो उर्त्सी आहे!

सकाळी एका व्हॉट्सॲप ग्रुपवर ‘द गॉडफादर’मधला सिसिलीच्या कॅफेचा प्रसंग आला. मायकेलचे सोबती एका मुलीचं रसभरीत वर्णन करतात, कॅफेवाला हसत ऐकतो, आणि ती आपलीच पोर आहे हे कळताच त्याचा चेहरा दगड होतो. खाली एका जाणकाराची टिप्पणी : ‘कपोलाने गावातलाच कुणी म्हातारा पकडून उभा केला, म्हणून एवढं नैसर्गिक!’ त्यावर अंगठ्यांचा पाऊस. डोकं फिरलं माझं.

अहो, १९६४ साली कान महोत्सवात सर्वोत्कृष्ट अभिनेत्याचा पुरस्कार मिळालाय त्या माणसाला. (विभागून मिळाला, मान्य. म्हणून काय झालं?) सारो उर्त्सी. जन्म १९१३, सिसिलीतल्या कातानियाचा. रोमला येऊन एक्स्ट्रा म्हणून सुरुवात केलेला.

तो पुरस्कार ज्याच्यासाठी मिळाला, तो दिग्दर्शक पिएत्रो जर्मीचा ‘सेदोत्ता ए अब्बान्दोनाता’ मी मावशीबरोबर पाहिला. ती आमच्याकडे राहायला आली होती. इंग्रजी सबटायटल्स तिला झेपेनात, म्हणून मी मराठीत सांगत बसले होते. थोड्या वेळाने म्हणाली, “तू गप्प बस गं, मला कळतंय सगळं.” थोरल्या मुलीच्या होणाऱ्या नवऱ्याने धाकटीला फसवलेलं, आणि बाप, म्हणजे आपला उर्त्सी, रस्त्याने टोपी उचलून हसतमुखाने सगळ्यांना नमस्कार करतोय, आतून नुसता धुमसतोय. फसवणाऱ्याने त्याच मुलीशी लग्न केलं की गुन्हाच पुसला जाई, असा कायदा होता इटलीत. १९८१पर्यंत होता! त्या लग्नासाठी हा बाप मुलीला पळवून नेण्याचं भर गावात नाटक रचतो आणि मरतानाही बजावतो, लग्न लागेपर्यंत माझं मरण बाहेर कळू देऊ नका. मावशी म्हणाली, “मेला तरी अब्रूच धरून बसलाय.” तिला राग बापाचा आला होता, आणि डोळेही पुसत होती. हे कुणाला रस्त्यावरून धरून आणून होत नाही.

इटालियन सिनेमाने रस्त्यावरची माणसं घेतली, हे खरंच. ‘बायसिकल थीव्ह्ज’चा नायक कारखान्यातला कामगार होता. पण म्हणून सिसिलियन चेहऱ्याचा प्रत्येक माणूस फुकटात सापडलेला?

जर्मीने याला वर्षानुवर्षं घडवलं, आणि याने जर्मीचे सिनेमे उभे केले. १९४९च्या ‘इन नोमे देल्ला लेज्जे’मध्ये ठाण्याचा प्रमुख. सहाय्यक भूमिकेचा ‘नास्त्रो दार्जेंतो’ हा इटलीतल्या सिनेपत्रकारांचा पुरस्कार त्यालाच मिळाला. पुढच्याच वर्षी गंधकाच्या खाणीतल्या बेकारांना फ्रान्सला नेतो सांगून लुबाडणारा दलाल. ‘उन मालेदेत्तो इम्ब्रोल्यो’मध्ये सतत पाव खाणारा पोलीस. खून, चौकशी, काहीही चालू असो, हा खातोय, आणि तरी त्याचं लक्ष कुठेही ढळत नाही. डॉन कामिल्लो या गावच्या पाद्र्यावरच्या सिनेमांत तर हाच सिसिलियन उत्तरेत, पो नदीकाठी, कम्युनिस्ट ब्रुस्को होऊन बसला. बरेच टाकाऊ सिनेमेही केले असतील. पोट होतं त्याला.

आता लिहिता लिहिता राग जरा निवलाय. त्या टिप्पणीवाल्याला अभिनय आवडला, एवढं तरी आहे. पण आवडल्यावर नाव शोधायला किती वेळ लागतो हो? नायकाच्या बुटांचा ब्रँड सांगता येतो आपल्याला.

‘गॉडफादर’ लागला तेव्हा मावशी स्वयंपाकघराच्या दारात उभी होती. कॅफेवाला आला आणि ती ओरडली, “अगं, हा तोच ना, पोरीचा बाप!” मायकेल कोण, कपोला कोण, तिला पत्ता नव्हता. याला मात्र तिने एका नजरेत ओळखलं, आणि लगेच विचारलं, “या पोरीचं तरी नीट लावतो का लग्न?”

‘सेदोत्ता’ माझ्याकडे सबटायटल्ससकट आहे. ज्यांना बघायचाय त्यांनी खाली लिहा. त्या ग्रुपवरच्यांनीसुद्धा.