नांतेरच्या विद्यापीठात झोपडपट्टी कुठून आली? – एका प्रतिक्रियेला उत्तर

नमस्कार,

नांतेर या पॅरिसच्या पश्चिमेकडच्या उपनगरावरच्या माझ्या लेखाखाली तुम्ही लिहिलेली प्रतिक्रिया लांब आहे आणि चिडून लिहिलेली आहे. दोन ओळींत आभार मानून मोकळं व्हावं अशी ती नाही, म्हणून सविस्तर लिहितो.

तुमचे आक्षेप थोडक्यात असे. विद्यापीठाची गोष्ट सांगता सांगता मी अर्धा लेख झोपडपट्टीवर घालवला, आणि या दोन गोष्टींचा एकमेकींशी काही संबंध नाही. तिथून पेटलेलं 1968चं विद्यार्थी आंदोलन म्हणजे श्रीमंतांच्या पोरांना मुलींच्या वसतिगृहात शिरायचं होतं, त्याला मी उगाच मोठं केलं. डाव्या प्राध्यापकांनी मुलं बिघडवली, हे मी सोयीस्करपणे गाळलं. आणि शेवटी, मला वाटतं खरा राग इथे आहे, तुमची भाची सप्टेंबरात तिथे शिकायला निघाली आहे आणि लेख वाचून घरची मंडळी धास्तावली आहेत.

संबंध नाही, या मुद्द्यापासून सुरुवात करतो, कारण तिथे मी तसूभरही मागे हटणार नाही. विद्यापीठ आणि झोपडपट्टी शेजारी शेजारी आली ती एकाच कारणाने: पॅरिसच्या पश्चिमेला सरकारच्या ताब्यातली, रेल्वेलगतची मोकळी जमीन तिथे होती. विद्यापीठाला मिळाली ती ला फोली भागातली हवाई दलाची जागा. आसपास जुन्या खाणी आणि ला देफाँसच्या नव्या व्यापारी वस्तीसाठी राखून ठेवलेल्या जमिनी होत्या. ला देफाँस उभारणारं सरकारी मंडळ 1958 साली स्थापन झालं, पण इमारती यायला वेळ होता. तोवर त्या रिकाम्या जमिनीवर पत्रे, फळ्या आणि डांबरी कागद यांच्या खोपट्या उभ्या राहिल्या. राहणारे बहुतेक अल्जेरियन कामगार आणि त्यांची कुटुंबं. पॅरिस परिसरातल्या बांधकामांवर आणि मोटारींच्या कारखान्यांत राबणारी ही माणसं. पगार मिळे, पण त्यांना घर भाड्याने द्यायला कुणी तयार नसे.

खरं तर ही परंपरा त्याहून जुनी आहे. 1887 साली पॅरिसच्या पोलीस खात्याने शहरातले भिकारी आणि बेघर कोंडायला एक भलीमोठी वास्तू उघडली, तीही नांतेरलाच. म्हणजे भिकारी, मग परदेशी मजूर, मग जास्तीचे विद्यार्थी, मग कार्यालयांचे मनोरे. पॅरिसने नांतेरला आपली अडगळीची खोली केली होती, असं मी लेखात म्हणालो ते यासाठी. गंमत अशी की पॅरिसची रक्षणकर्ती मानली जाणारी संत जनव्हिएव्ह पाचव्या शतकात जन्मली ती याच नांतेरात.

विद्यार्थी जास्तीचे कसे झाले, तेही सांगतो. 1960च्या सुमारास फ्रान्समध्ये विद्यापीठांत शिकणारे दोन लाखांच्या आसपास होते, 1968पर्यंत ते पाच लाखांवर गेले. सोर्बोनमध्ये, म्हणजे पॅरिसच्या जुन्या विद्यापीठात, उभं राहायला जागा उरली नाही. म्हणून 1964च्या शरद ऋतूत नांतेरला साहित्य आणि मानव्यविद्यांची शाखा सुरू झाली. तेव्हा दोनेक हजार विद्यार्थी होते, आणि बांधकाम अर्धवटच होतं. चार वर्षांत तो आकडा दहा हजारांच्या वर गेला. रेल्वेच्या थांब्याचं नाव होतं ‘ला फोली, विद्यापीठ संकुल’. उतरलं की आधी चिखल आणि खोपट्या, मग काँक्रीटचे ठोकळे. हे मी वातावरणनिर्मितीसाठी घातलेलं नाही. तेव्हाच्या प्रत्येक विद्यार्थ्याची रोजची वाटच ती होती.

खोपट्यांविषयी मी जास्त लिहिलं असं तुम्हाला वाटतं. माझ्या मते कमीच लिहिलं. ला फोलीतल्या हजारो माणसांना पाण्याचा एकच नळ होता. टपालासाठी सगळ्या वस्तीचा पत्ता एकच, ‘127, रू द ला गारेन’. घर पक्कं करायला बंदी होती. कुणी चार विटा लावल्या, नवीन फळी ठोकली, की पोलिसांची एक खास तुकडी येऊन ती पाडून जाई. मोनिक एर्वो नावाची एक फ्रेंच बाई 1959पासून या वस्तीतच जाऊन राहिली आणि सगळं टिपत गेली, म्हणून यातलं बरंच आज आपल्याला कळतं.

आणि 17 ऑक्टोबर 1961. अल्जेरियाचं फ्रान्सविरुद्ध स्वातंत्र्ययुद्ध चालू होतं आणि पॅरिसचा पोलीसप्रमुख मोरिस पापों याने फक्त अल्जेरियनांसाठी रात्रीची संचारबंदी लावली होती. तिच्याविरुद्ध नांतेरच्या वस्त्यांमधून बायकापोरांसह माणसं ठेवणीतले कपडे घालून, नि:शस्त्र, पॅरिसकडे चालत निघाली. पॅरिसच्या वेशीवरच्या नयीच्या पुलावर पोलिसांनी त्यांना अडवलं. त्या रात्री पॅरिसभर अकरा हजारांहून अधिक लोक पकडले गेले, काहींना गोळ्या लागल्या, काहींना सेन नदीत फेकलं गेलं. सरकारने सुरुवातीला मृतांचा आकडा दोन-तीनच सांगितला. इतिहासकारांचे अंदाज काही डझनांपासून दोनशेच्या पुढे जातात. एली कागाँ या छायाचित्रकाराने त्या रात्री पॅरिसमध्ये आणि नांतेरमध्येही जखमींची छायाचित्रं काढली. ती आज कुठे आहेत? नांतेरच्या विद्यापीठाच्या आवारातल्या समकालीन इतिहासाच्या संग्रहालयात. संबंध नाही म्हणता, तर हे कुठल्या कपाटात ठेवायचं ते तुम्हीच सांगा.

एक गोष्ट मात्र तुमच्या बाजूची आहे, आणि ती मूळ लेखातही होती. विद्यार्थ्यांचं आणि वस्तीचं नातं पातळ होतं. नांतेरला मुलं येत ती पश्चिम पॅरिसच्या आणि नयीसारख्या सुखवस्तू भागांतून. काही जणांनी वस्तीत साक्षरतेचे वर्ग घेतले, बाकीचे गाडीतून उतरत आणि संध्याकाळच्या गाडीने परत जात. झोपडपट्टी बघून मुलं पेटली आणि क्रांती झाली, ही जी गोड कथा सांगतात, ती मलाही पटत नाही.

आता वसतिगृह. मुलींना मुलांच्या इमारतीत जायची मुभा होती, मुलांना मुलींच्या इमारतीत नव्हती. मार्च 1967मध्ये मुलांनी मुलींची इमारत व्यापली, हे खरंच. 8 जानेवारी 1968ला क्रीडामंत्री फ्रान्स्वा मिसोफ नवा तरणतलाव बघायला आले, तेव्हा दानियल कोन-बेंडिट या विद्यार्थी नेत्याने त्यांना अडवून विचारलं की तरुणांवरच्या तुमच्या जाडजूड अहवालात लैंगिक प्रश्नांवर एक अक्षर कसं नाही. मंत्र्यांनी त्याला तलावात उडी मारून गार हो, असं सुचवलं. इथवर तुमचं म्हणणं चालेल. पण 22 मार्चच्या रात्री दीडशेच्या आसपास मुलं प्रशासकीय मनोऱ्यात घुसून बसली ती वसतिगृहासाठी नव्हे. दोन दिवसांपूर्वी व्हिएतनाम युद्धाच्या निषेधात पॅरिसमध्ये एका अमेरिकन कंपनीच्या कार्यालयाच्या काचा फुटल्या होत्या, त्या प्रकरणात पकडलेल्यांना सोडा, ही मागणी होती. 2 मे रोजी शाखा बंद करण्यात आली, दुसऱ्या दिवशी मुलं सोर्बोनला पोचली, तिथे पोलीस आत शिरले, आणि महिनाअखेरीस फ्रान्सभर लाखो कामगार संपावर होते. एवढं सगळं एका वसतिगृहाच्या दारातून निघालं असं मानायचं, तर ते दार फारच रुंद होतं.

डाव्या प्राध्यापकांचं म्हणाल, तर आंरी लफेव्हर हे मार्क्सवादी विचारवंत तिथे शिकवत होते आणि मुलं त्यांना मानत, हे मी लिहिलंच आहे. पण शाखेचे प्रमुख कोण होते बघा. पिएर ग्रापँ, जर्मन साहित्याचे अभ्यासक, नाझींविरुद्धच्या प्रतिकार चळवळीतले. त्यांनाच मुलांनी नाझी म्हणून हिणवलं. त्यांच्यानंतर 1969मध्ये पोल रिकर प्रमुख झाले. हा तत्त्वज्ञ सोर्बोनची प्रतिष्ठा सोडून आपणहून नांतेरला आला होता, इथे विद्यार्थ्यांशी जवळून बोलता येईल या आशेने. 1970च्या जानेवारीत त्यांच्या डोक्यावर कचऱ्याची टोपली पालथी घालण्यात आली. पुढे आवारात पोलीस आणि विद्यार्थी यांच्यात तुंबळ हाणामारी झाली आणि मार्चमध्ये रिकरनी राजीनामा दिला. बिघडवणारे प्राध्यापक शोधायला गेलात तर ही माणसं भेटतात. आंदोलनावर टीका करायचीच असेल तर इथे करा. मी तुमच्या सोबत आहे.

राहिला भाचीचा प्रश्न. ला फोलीची वस्ती 1970च्या दशकाच्या सुरुवातीलाच हटवली गेली. त्या परिसरात आता जिल्ह्याचं मुख्यालय आणि एक मोठं उद्यान आहे. विद्यापीठात आज तीस हजारांच्या वर विद्यार्थी आहेत. निकोला सार्कोझी कायदा शिकले ते इथे आणि इमान्युएल माक्रों तत्त्वज्ञान शिकले तेही इथेच, तेव्हा क्रांतिकारकांचा कारखाना ही ख्याती कधीच पुसली गेली आहे. गावात सगळं शांत असतं असं नाही. जून 2023मध्ये पोलिसाच्या गोळीने एक सतरा वर्षांचा मुलगा नांतेरमध्ये मारला गेला आणि देशभर जाळपोळ झाली. पण पुढचे काही दिवस दंगली कितीतरी फ्रेंच शहरांत होत्या, फक्त नांतेरात नव्हत्या. एवढ्यावरून मुलीला पाठवायचं नाही असं ठरवाल, तर फ्रान्समधलं कुठलंच गाव उरणार नाही.

तिला एवढं सांगा, पॅरिसच्या उपनगरी रेल्वेच्या ‘ए’ मार्गावरची सां-जेर्मां-आं-लेकडे जाणारीच गाडी पकड. सेर्जी किंवा प्वासीकडच्या गाड्या नांतेर-विद्यापीठ स्थानकावर जात नाहीत, त्या आधीच वेगळ्या रुळावर वळतात. आणि 2024मध्ये ‘ई’ मार्गावर नांतेर-ला-फोली नावाचं नवं स्थानक सुरू झालंय. नाव ओळखीचं वाटलं म्हणून तिथे उतरली तर पुढे बरंच चालावं लागेल.