खाड्याचे सहा शिलिंग

इंग्लंडमधल्या खेळांबद्दल एक मजकूर बरेच जण पुढे पाठवत आहेत. म्हणणं असं की फुटबॉल आणि रग्बी पब्लिक स्कूलच्या, म्हणजे तिथल्या श्रीमंतांच्या खासगी शाळांच्या, मुलांनी शोधले, गिरणी-खाणीतल्या कामगारांना शिकवले आणि कामगारांनी पैशापायी खेळाचं पावित्र्य घालवलं. पहिली दोन विधानं चुकीची आहेत. तिसरं चुकीचं तर आहेच, शिवाय अन्यायाचं आहे.

'१८२३ साली रग्बी शाळेतल्या वेब एलिसने चेंडू हातात घेऊन धाव घेतली आणि रग्बी जन्मला.' ही गोष्ट छापून आली १८७६ साली. तोवर एलिसला जाऊन चार वर्षं झाली होती, आणि ती सांगणारे मॅथ्यू ब्लॉक्सम यांनी १८२३ च्या आधीच शाळा सोडली होती. फुटबॉल तर शाळांच्या कितीतरी आधीपासून रस्त्यावर खेळला जात होता. म्हणून तर १८३५ च्या रस्त्यांच्या कायद्यात त्यासाठी ४० शिलिंगांपर्यंत दंड ठेवावा लागला. शाळांनी आपापले नियम लिहून काढले, ते श्रेय त्यांचंच. पण शेफील्डच्या क्लबनेही १८५८ साली स्वतःचे नियम केले. कॉर्नर किक तिकडूनच आली.

'कामगारांना शिकवले.' कामगाराला आधी हवा होता वेळ. १८५० च्या कायद्याने कापड गिरण्यांत बायका आणि अल्पवयीन मुलांचं शनिवारचं काम दुपारी दोनला थांबलं. त्यामागे कामगारांचा कित्येक वर्षांचा लढा होता. त्या मोकळ्या दुपारीत उत्तर इंग्लंडमधल्या लँकेशायरचा फुटबॉल वाढला.

१८७९ साली डार्वेन या गिरणगावाचा संघ एफए कप या फुटबॉल स्पर्धेसाठी लंडनला गेला. समोर ओल्ड ईटोनियन्स, म्हणजे ईटन या बड्या पब्लिक स्कूलचे माजी विद्यार्थी. १-५ असे मागे पडलेल्या डार्वेनने ५-५ अशी बरोबरी साधली. डार्वेनला जादा वेळ हवा होता, ईटनवाल्यांनी नकार दिला. मग गावाने वर्गणी काढली, संघ पुन्हा लंडनला. २-२. पुन्हा लंडन, आणि या वेळी २-६ अशी हार. तीन वेळा एवढा प्रवास करून काम सांभाळणाऱ्या माणसांचे पाय किती थकले असतील! चार वर्षांनी शेजारच्या ब्लॅकबर्न ऑलिम्पिकने अंतिम सामन्यात त्याच ईटोनियन्सना २-१ हरवलं. त्या संघात विणकर होते, एक प्लंबरही होता.

आता पैशाचं. शनिवारी सकाळी कामगाराला कामावर जावंच लागे. दूरचा सामना म्हणजे खाडा, आणि खाडा म्हणजे मजुरी बुडाली. उत्तरेतल्याच यॉर्कशायरच्या रग्बी क्लबांची मागणी त्या बुडालेल्या मजुरीपुरतीच होती. १८९३ मध्ये रग्बी युनियनने, म्हणजे खेळ चालवणाऱ्या संस्थेने, ती फेटाळली. ज्याच्या घरी चूल मजुरीवर पेटत नव्हती, त्याला हौशी, म्हणजे पैसे न घेता खेळणारा, राहणं परवडत होतं.

क्रिकेटमध्ये इंग्लंडचे नामवंत खेळाडू डॉ. डब्ल्यू. जी. ग्रेस शेवटपर्यंत 'हौशी'च गणले गेले. १८९५ साली त्यांच्यासाठी जाहीर वर्गणी निघाली आणि हजारो पौंड जमले. त्यांच्यामुळे खेळ बाटला, असं तो मजकूर कुठेही म्हणत नाही. त्याच वर्षी २९ ऑगस्टला हडर्सफील्डच्या जॉर्ज हॉटेलात उत्तरेचे क्लब जमले आणि रग्बी युनियनमधून बाहेर पडले. त्यांनी खेळाडूंना देऊ केलं ते एवढंच: खाड्याचे दिवसाला सहा शिलिंग.